पुलावरचा अबोला

ड्रायव्हर कियारीच्या पुढचा ट्रक पुलावर चढला आणि सैनिकानं आडवा खांब धाडकन खाली टाकला. तो कियारीच्या ट्रकच्या नाकाला लागता लागता राहिला, आणि शेजारून चाललेल्या कुम्बोच्या कपाळालाही.

कुम्बोच्या डोक्यावर दुधाचं भोपळ्याचं भांडं, काखेत फुऱ्याच्या, म्हणजे दुधात घोटून प्यायच्या बाजरीच्या गोळ्यांची टोपली. रोजच्यासारखी ती बेनिनमधल्या मालानव्हिलहून नदीपलीकडे, गाया गावच्या बाजारात निघाली होती.

"पूल बंद," सैनिक म्हणाला.

"कधीपर्यंत?"

"ते आम्हालाच कुठं सांगतात!"

पलीकडे नायजरमध्ये सैन्यानं स्वतःच्याच राष्ट्राध्यक्षाला कोंडून घातलं होतं. शेजारच्या देशांनी ठरवलं, यांच्याशी देणंघेणं बंद. बेनिन त्यातलाच. दोन घरांत अबोला झाला की वाटीभर साखरसुद्धा थांबते, तसा हा पूल थांबला. चालत गेलं तर पाच-सात मिनिटांचा.

ट्रकच्या खिडकीतून कियारीचं डोकं बाहेर आलं.

"ए फुलानी! तुझं दूध संध्याकाळपर्यंत नासेल. माझं वर्षभर टिकतं. कोटोनू बंदरातून आणलंय, डब्यात भरून, पावडरचं."

कुम्बोनं वर पाहिलं. गालावर जुन्या खुणांच्या बारीक रेघा, दातांत चघळायची कडू कोलाची बी. कानुरी, दुसरं कोण असणार!

"पावडर पिऊनच तुमच्या जातीचं डोकं असं कोरडं झालंय," ती म्हणाली. "खाली उतर माझ्या गुलामा, मालकिणीचं भांडं उतरव."

तो हसत उतरला. फुलानी आणि कानुरी या दोन जमातींत पिढ्यान् पिढ्या थट्टेचं नातं. भेटलं की एकमेकांना गुलाम म्हणायचं, आईबापाचा उद्धार करायचा, आणि रागवायचं मात्र नाही. रागवला तो हरला. या नात्यात मोठी मोकळीक आहे. एकच वाईट… कुणी काही खरं बोललं, तरी ते थट्टेतच जमा होतं.

एक दिवस पूल बंद राहिला, मग आठवडा, मग महिने. ट्रकांची रांग गावाबाहेर पार कापसाच्या शेतांपर्यंत गेली. कांद्याच्या गाड्यांतून काळं पाणी गळायला लागलं. ड्रायव्हर ट्रकखाली चटया टाकून राहू लागले. दोघं हिवतापानं गेले. रेडिओवर दोन्हीकडचे मोठे लोक एकमेकांना वाट्टेल ते बोलत होते. पण ती थट्टा नव्हती, म्हणून तिला शेवट नव्हता.

कुम्बो आता पुलापलीकडे नाही, रांगेतच फुरा विकायची. शेवटचा वाडगा कियारीचा. ती डावानं गोळा दुधात मोडायची, घोटायची, आणि तो तिच्या मनगटाकडे बघत बसायचा. ते तिला कळायचं. मग ती जरा जास्तच घोटायची.

"माझ्याशी लग्न कर," तो एकदा म्हणाला. "गुलामाला फुकट दूध मिळेल."

"कोलाची टोपली कुठाय? कोलाशिवाय मागणी म्हणजे नुसती बडबड."

"कोला आईच्या हातून यायला हवी. आणि आई पलीकडे, गायात."

"होड्या चालतात की चोरून. तूच दोनदा जाऊन आलास."

"ती पाण्याला घाबरते. तिचा भाऊ याच नदीत गेला. म्हणते, पूल उघडला की मी माझ्या पायांनी येईन…"

तो हे म्हणताना हसत नव्हता. की होता? कुम्बोला ठरवता येईना. घरी तिची आई विचारायची, "त्या ड्रायव्हरचं काय ते खरं सांग." काय सांगणार? तिला तरी कुठं ठाऊक होतं! तेवढंच तिला जाणून घ्यायचं होतं — हा माणूस थट्टा करतोय, की खरं बोलतोय.

हरमॅटनचा वारा सुरू झाला. धुळीनं पलीकडचा काठ दिसेनासा झाला. तेव्हा मालकाचा फोन आला. डब्यांवरची तारीख जवळ आली होती. माल पोचवायचाच, मागे फिरा, टोगोतून बुर्किनात शिरा, तिथून सैन्याच्या पहाऱ्यात नायजरची राजधानी नियामे. समोरचा काठ गाठायला दीड हजार किलोमीटरचा वळसा. आणि त्या रस्त्यावर बंदूकवाल्यांचं राज्य. गेलेल्यांपैकी कोण कोण परतलं नव्हतं, ते रांगेत सगळ्यांना पाठ होतं.

"नको जाऊस," कुम्बो म्हणाली.

"अरे वा! मालकिणीला गुलामाची काळजी?"

"थट्टा करत नाहीये."

"मग हरलीस." त्यानं वाडगा तोंडाला लावला, पण प्यायला नाही. "आणि ऐक. मी मेलो तर आमच्या दारी येऊन मला शिव्या घालायच्या. थट्टेच्या नातलगाचं कामच ते. लोकांना हसवायचं. रडायचं नाही."

"आणि रडले तर?"

"तर नातं मोडलं."

"मग काय उरेल?"

कियारीनं उत्तर द्यायला तोंड उघडलं… मागच्या ट्रकानं भोंगा दिला. त्यानं अर्धा वाडगा तिच्या हातात ठेवला.

"हा सांभाळ. येऊन पितो."

"नासेल रे."

"नासू दे. तसाच पितो."

सतराव्या दिवशी बातमी आली. बुर्किनात ताफ्यावर हल्ला. अकरा ट्रक जळाले. त्यातला चौथा दुधाच्या पावडरचा. माणसांना तिथंच रस्त्याकडेला पुरलं.

गंमत बघा, त्याच आठवड्यात बेनिननं आपल्या बाजूचा खांब वर केला. नायजरनं आपल्या बाजूला पुलावर आडवे टाकलेले मालाचे कंटेनर मात्र तसेच ठेवले. अबोला आधी कुणी सोडायचा, यावर अडलं होतं.

कुम्बो होडीनं गेली. काखेत दुधाचं भांडं होतं.

गायातलं घर शोधायला वेळ लागला नाही. दारात चपलांचा ढीग होता. दुखवट्याचा सातवा दिवस. बायका चटईवर गप्प बसल्या होत्या. मधोमध कियारीची आई, याकुरा. डोळे कोरडे, हात मांडीवर उलटे पडलेले.

कुम्बो उंबऱ्यात उभी राहिली.

"कुठाय तो दूधचोर?" तिनं आवाज चढवला. "अर्धा वाडगा टाकून पळाला! पैसे कोण देणार?"

सगळ्या माना वळल्या. एका म्हातारीनं ओळखलं. "फुलानी आली गं!"

"आली! गुलाम पळाला की मालकीण येणारच. सांगत होते, पावडर पिऊ नको, अक्कल जाते. समोरचं घर गाठायला दीड हजार किलोमीटर जातं का कुणी? असा शहाणा तुमच्यातच जन्मतो!"

कुणीतरी फसकन हसलं. मग दुसरी. याकुराचे खांदे हलले. तिच्या तोंडून हसू निघालं, त्याला लागून हुंदका निघाला, आणि सात दिवसांत पहिल्यांदा ती रडली. काम झालं होतं. कुम्बोनं दात घट्ट आवळले आणि जायला वळली.

"थांब," याकुरा म्हणाली. "कुम्बो ना तू?"

ती आत गेली आणि पानांत गुंडाळलेली, ओल्या फडक्यानं झाकलेली एक टोपली घेऊन आली. कोलाच्या बिया. पांढऱ्या, टवटवीत, एकही सुरकुतलेली नाही.

"मागच्या खेपेला ठेवून गेला. म्हणाला, पूल उघडेपर्यंत सुकू देऊ नकोस, आई. तीन महिने रोज पाणी शिंपडतेय…" तिचा हात फडक्यावर थांबला. "आज सकाळीसुद्धा शिंपडलं. सवयीनं."

कुम्बोनं टोपली हातात घेतली. जड होती. तळातून थंड पाणी तिच्या मनगटावर ठिबकलं.

कोला थट्टेत कुणी देत नाही.

तिनं काहीतरी बोलायला तोंड उघडलं. गुलाम, चोर, काहीही चाललं असतं. पण ती तिथंच उंबऱ्यात, टोपली छातीशी धरून, मोठ्यानं रडली.

बायका चपापल्या. थट्टेचं माणूस असं रडत नाही.

याकुरानं मात्र सगळ्यांदेखत चटईवर जरा सरकून आपल्या शेजारी जागा केली.

"ये गं सूनबाई," ती म्हणाली. "इथं बस."