आईची पळी

पकडून आणलेल्या सेमिनोल आदिवासींच्या छावणीतल्या एखाद्या बाईला गोऱ्यांच्या घरी पाणी भरायला नेणं, यात नवीन काहीच नव्हतं. म्हणून त्या दुपारी शिपायानं बोट दाखवलं, तशी सिहोकीनं मुकाट बादली उचलली.

पण टेकाडावरचं थॉर्नहिलचं घर दिसलं आणि तिचे पाय थबकले. थबकणारच हो! ते टेकाड तिच्या आईचं. तिथं त्यांची वस्ती होती, मक्याचं शेत होतं. थॉर्नहिल म्हणजे फ्लोरिडाच्या कायदेमंडळातला बडा पुढारी. 'सगळ्या सेमिनोलांना जहाजात कोंबा आणि पश्चिमेला धाडा', उठता-बसता हेच भाषण. वस्ती जाळली आणि पठ्ठ्यानं राखेवरच घर बांधलं. वस्ती जळत होती तेव्हा आई मात्र हललीच नाही. "मी कुठंही जाणार नाही," म्हणाली, आणि गोळी खाऊन तिथंच पडली.

दारात क्वाको उभा. दुभाषा, आफ्रिकी रक्ताचा, पण वाढला सेमिनोलांतच.

"बादली ठेव, पोरी. पाण्याचा नुसता बहाणा. साहेबाची पार तंतरलीय."

"कशानं, डासांनी?"

"हसू नकोस. आत ये... मग बघ."

बाहेर अजून ऊन होतं, पण आत सगळ्या खिडक्या बंद. काळोख. आणि वास... सोफकीचा! मक्याची आंबूस पेज, आत्ता उतरवल्यासारखी. पण चुलाण्यावर मडकं नव्हतंच. तरी कुठूनतरी आवाज येत होता. खर्र... खर्र... कुणीतरी तळ खरवडत होतं.

चुलाण्यात ओंडके रचले होते चाकाच्या आऱ्यांसारखे, टोकं मधोमध जुळवून. गोरे असे कधीच रचत नाहीत. आई रचायची. सिहोकीच्या अंगावर सर्रकन काटा आला. मेलेलं माणूस रेंगाळलं की सोबतीला आधी आपल्याच माणसाला ओढतं, हे तिला लहानपणापासून ठाऊक होतं.

कोपऱ्यातून थॉर्नहिल पुढं आला. डोळे खोल गेलेले. त्यानं भिंतीकडे बोट केलं. तिथं आईची लांब लाकडी पळी टांगलेली.

"तिच्या प्रेतापाशी होती," क्वाको कुजबुजला. "यानं उचलली. शोभेला म्हणे!"

"न मोडता?"

"तेच तर! मेलेल्याची वस्तू मोडून दिली की ती त्याच्याबरोबर जाते, आणि तोही जातो. ही अख्खीच राहिली. यानं कुऱ्हाड घातली, जाळून पाहिली. काही होत नाही. घरच्याच माणसाला मोडता येईल."

थॉर्नहिल घोगऱ्या आवाजात बोलला, क्वाकोनं सांगितलं, "मोडलीस तर तू इथंच राहायचं, शब्द देतो म्हणतोय. नाही तर उद्या सकाळी जहाज."

"याचा शब्द?" सिहोकी फिस्सकन हसली. "विचार त्याला काका, तो कुठल्या भिंतीवर टांगलाय?"

क्वाकोनं हे मात्र भाषांतरात गाळलं.

तिनं पळी काढली. दांडा गरम होता. ओला होता. नुसतं कट्‌कन मोडायचं, की हे टेकाड, ही नदी, सगळं पुन्हा डोळ्यांसमोर. जहाज नाही, परका मुलूख नाही. 

"आई..." ती हळूच म्हणाली, "जातेस?"

खरवडणं थांबलं.

मग चुलाण्यातला एक ओंडका आपोआप सरकला. कुणी पायानं आत लोटावा तसा... सावकाश. आणि जाळ भडकला.

सिहोकीनं पळी होती तिथं पुन्हा टांगली. अख्खी.

"अगं, वेडी झालीस का!"

"मी राहिले तर याच्या मेहेरबानीवर राहीन, काका. ती राहील ती स्वतःच्या जागेवर. सांग त्याला. आम्हाला हाकलायला याला फौज लागली. याला हाकलायला माझी आई एकटी बास!"

 क्वाकोनं या वेळी मात्र शब्द न्‌ शब्द सांगितला, तोही चांगला मोठ्यानं.

सकाळी शिपायांनी तिला जहाजावर चढवलं. ती रडली नाही. जहाजावर चढायची फळी ओढून घेणार, इतक्यात धक्क्यावरून कुणीतरी धडपडत आलं. थॉर्नहिल! डोक्यावर हॅट नाही, हातात सामान नाही, एका पायात बूटही नाही.

"साहेब, तुम्ही कुठं निघालात?" शिपायानं विचारलं.

 मागून कुणी ढकलत असल्यासारखा तो फळी चढला आणि सिहोकीच्या शेजारून गेला.

छावणीत महिनोन्‌महिने कुणी सोफकी शिजवली नव्हती. मका होताच कुठं? पण त्याच्या काळ्या कोटावर, पाठीच्या मधोमध, पेजेनं माखलेल्या हाताचा ठसा होता. बाईच्या हाताचा.

अजून वाफ निघत होती त्यातून.