राणीसरकारची पांढरी दाढी

ही गोष्ट खरी आहे म्हणून सांगितलं, तर एकही माणूस विश्वास ठेवणार नाही. नका ठेवू! एका शेळीनं स्वतः दवाखान्यात जाऊन तक्रार केली, यावर कोण शहाणा विश्वास ठेवील? पण आलाच आहात तर सरकून बसा, पाय आत घ्या आणि मध्येच हसू नका.

उतारावर एक मोठं आवार होतं. आजारी, म्हातारी जनावरं तिथं सांभाळायला ठेवत. मालक यायचे, जनावराच्या कपाळावर हात फिरवायचे, "लवकर येतो हं" म्हणायचे आणि जायचे. पुन्हा फिरकायचे नाहीत. गरजच काय? प्रत्येक जनावराच्या गळ्यात पट्टा, पट्ट्याला बिल्ला. औषध पाजलं की बिल्ल्यासमोर मोबाईल धरायचा आणि 'औषध दिलं' यावर बोट दाबायचं. टिंग! ॲपमध्ये त्या जनावराच्या नावापुढचा गोल हिरवा. मालकाच्या फोनवर हिरवा, गावातल्या डॉक्टरीणबाईंच्या फोनवर हिरवा. हिरवा दिसला की सगळ्यांचा जीव भांड्यात.

आवाराच्या फाटकावर एक आजोबा असत. दिसायला रुबाबदार, मिशी झोकदार, आणि बोलणं तर काय विचारता! त्यांची नात सुट्टीला आली होती. आई कामासाठी परगावी, घराला कुलूप, म्हणून पोर इकडे. एका जागी बसेल तर शपथ, म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणत. सगळे म्हणजे आजोबाच. आजोबा दिवसभर फाटकावर, आणि संध्याकाळी खोलीत आले की जेवताजेवताच डुलक्या. भिंगरी आईला फोन लावायची. "कामात आहे गं, मग बोलू," एवढं म्हणून आई फोन ठेवायची आणि मागाहून एक पिवळा हसरा चेहरा पाठवायची. भिंगरी त्या चेहऱ्याकडे बघत बसायची. पडदा काळा झाला की बोट लावून पुन्हा उजेड करायची.

पण सुट्टीत पोरं गवतासारखी उगवतात! एक ढोल्या उगवला, सदा भुकेला. एक मुलगी उगवली, तिचं नाव पडलं 'कशावरून', कारण ती दुसरं काही बोलायचीच नाही. कुठल्या घरातली, कुणाची, असं विचारू नका. झाली टोळी तयार!

टोळीचा अड्डा म्हणजे आवाराच्या अगदी टोकाचा गोठा. तिथं राणीसरकार राहायची. म्हातारी शेळी, पांढरीशुभ्र दाढी, आणि नजर अशी की समोरच्यानं आपोआप मुजरा करावा. तिला खोकला झाला होता. भिंगरी तासन् तास तिच्या पाठीला पाठ लावून बसायची आणि आईला सांगायच्या सगळ्या गोष्टी तिला सांगायची. राणीसरकार ऐकायची आणि फ्रॉकची कड चघळायची.

एके दिवशी भिंगरी एकदम ताठ बसली.

"हिची दाढी बघा रे!"

"पांढरी आहे," ढोल्या म्हणाला. "त्यात काय?"

"तेच तर! हिचं औषध गुलाबी आहे. मी आले त्या दिवशी बरोबरकाकांनी पाजलं, तेव्हा हिनं अर्धं थुंकलं होतं. दिवसभर दाढी गुलाबी! त्यानंतर एकदा तरी गुलाबी दिसली?"

"नंतर शहाण्यासारखी प्याली असेल," ढोल्या म्हणाला.

"कशावरून?" कशावरून म्हणाली. राणीसरकारनं तेवढ्यात ढोल्याच्या खिशात तोंड घातलं. शहाणपणाचा प्रश्न तिथंच निकालात निघाला.

बरोबरकाका म्हणजे औषध पाजणारे काका. काही विचारा, उत्तर ठरलेलं, "सगळं बरोबर आहे!" भिंगरीनं त्यांना गाठलं.

"काका, राणीसरकारला औषध दिलं?"

"सकाळीच! हा बघ, हिरवा गोल. सगळं बरोबर आहे."

"मग तिच्या गळ्यात पट्टा का नाही?"

काकांचा चहा घशात अडकला. "धुवायला काढलाय! आणि त्या शेळीच्या नादी लागू नकोस. परवा तिनं मला शिंगावर घेऊन पिंपावर चढवलं. अजून गुडघा ठणकतोय."

आता, एवढ्यावर गोष्ट मिटली असती. पण दुपारी डॉक्टरीणबाईंची गाडी फाटकाशी थांबली. त्या खाली उतरल्या नाहीत. गाडीत बसूनच फोन बघत आजोबांना म्हणाल्या, "राणीसरकारचं सगळं औषध वेळेवर गेलंय. तरी खोकला वाढतोच आहे म्हणतात. म्हणजे औषध लागू पडत नाही. उगाच हाल कशाला करायचे तिचे? उद्या सकाळी येते आणि झोपवते."

फाटकामागे भिंगरी उभी होती.

"झोपवते म्हणजे?" ढोल्यानं विचारलं.

भिंगरी पळत गोठ्यात गेली आणि राणीसरकारच्या मानेत तोंड खुपसून बसली. उद्यापासून या आवारात तिचं ऐकणारं कुणी उरणार नव्हतं.

थोड्या वेळानं तिनं नाक पुसलं. "चला, काकांच्या खोलीकडे!"

खिडकीतून काय दिसलं असेल? भिंतीवर खिळ्यांची रांग, आणि प्रत्येक खिळ्यावर एकेक पट्टा! गाईचा, घोड्याचा, कुत्र्यांचे, राणीसरकारचा. काका खुर्चीवर बसल्या बसल्या, एका हातात चहा, दुसऱ्या हातात मोबाईल, रांगेवरून हात फिरवत होते. टिंग! टिंग! टिंग! उठायचं नाही, चालायचं नाही, शिंगांची भीती नाही. शेवटच्या पट्ट्यापाशी आले आणि त्यांनी हात मागे घेतला.

"हिचं दुसरं औषध चार वाजता," ते स्वतःशीच म्हणाले. "वेळेआधी केलं तर ॲप बोंब मारतं."

"अय्या! पट्टेच औषध पितात!" ढोल्या कुजबुजला.

"डॉक्टरांना सांगूया! फोन करूया!" भिंगरी म्हणाली.

"कशावरून त्या मानतील?" कशावरून म्हणाली. "काका म्हणतील, पट्टे धुवून टांगलेत. गोल तर हिरवाच आहे."

भिंगरीनं विचार केला. आजोबांना सांगावं, तर आजोबा फाटकावर अतिशय महत्त्वाच्या कामात होते. (घोरत होते असं काही लोक म्हणतात. लोकांना काय, काहीही म्हणतात.)

"मग हिरव्या गोलासमोर शेळीच नेऊन उभी करायची," भिंगरी म्हणाली. "चार वाजायच्या आत."

मागच्या कुंपणाच्या फटीतून वरात निघाली. पुढे भिंगरी दोरी धरून, मध्ये राणीसरकार, मागे ढोल्या ढकलायला आणि कशावरून पहाऱ्याला. उन्हानं रस्ता ओसाड. दुकानांची फळकुटं लावलेली, एका गच्चीवर वाळत घातलेल्या चादरी, आणि चिटपाखरू नाही. राणीसरकार खोकायची, थांबायची, मधेच खाली बसायची. पण ढोल्या म्हणजे काय, नुसता बुलडोझर! एक धक्का दिला की शेळी वीस हात पुढे. वाटेत एक ट्रक आडवा आला, तर त्यानं ट्रकलाही धक्का दिला म्हणे!

दवाखान्यात डॉक्टरीणबाई टेबलाशी बसल्या होत्या. दारात शेळी बघून त्यांचा चष्मा नाकावर घसरला.

"हे काय? ही कोण?"

"राणीसरकार," भिंगरी धापा टाकत म्हणाली. "तिला औषध मिळतच नाही. तिची दाढी पांढरी आहे!"

"दाढी? हे बघ बाळ, माझ्याकडे सगळी नोंद आहे." बाईंनी फोन पुढे केला. "एकही वेळ चुकलेली नाही."

"तुम्ही फोनकडे बघताय. तिच्याकडे बघा ना एकदा!"

बाईंच्या कपाळाला आठी पडली. आता त्या रागावणार, तेवढ्यात भिंतीवरच्या घड्याळात चार वाजले आणि त्यांच्या हातातला फोन वाजला.

टिंग! 'राणीसरकार: औषध दिलं.'

बाईंनी फोनकडे बघितलं. शेळीकडे बघितलं. पुन्हा फोनकडे. राणीसरकार निवांतपणे टेबलावरचं कॅलेंडर खात होती. बाईंनी लगेच काकांना फोन लावला.

"काय म्हणते राणीसरकार?"

"आत्ताच पाजलं, डॉक्टर!" काकांचा आवाज खणखणीत आला. "गपगुमान प्याली. सगळं बरोबर आहे!"

"ब्यँऽऽ!" राणीसरकार ओरडली.

"ऐकलंत? आवाजही देतेय बघा!"

"ऐकतेय ना," बाई म्हणाल्या. "माझ्या टेबलापाशीच उभी आहे ती."

पलीकडे काहीतरी फुटल्याचा आवाज आला. बहुधा चहाचा कप.

मग बाई उठल्या. किती दिवसांनी कुणास ठाऊक, पण त्या राणीसरकारसमोर जमिनीवर बसल्या, तिच्या छातीला नळी लावली आणि बराच वेळ ऐकत राहिल्या. "औषध लागू पडेल," त्या म्हणाल्या, "पोटात गेलं तर. चूक एकट्या काकांची नाही. मीही गोलच तपासत बसले." त्यांनी स्वतः औषध पाजलं. राणीसरकारनं अर्धं त्यांच्या पांढऱ्या कोटावर थुंकलं. दाढी गुलाबी, कोट गुलाबी! सगळे पट्टे त्याच संध्याकाळी जनावरांच्या गळ्यात परत गेले, काकांना पाणी भरायच्या कामावर लावलं, आणि रोज गोठ्यात जाऊन प्रत्येकाला डोळ्यांनी बघायचं असं बाईंनी ठरवलं.

"शाब्बास रे टोळी!" बाई म्हणाल्या. त्यांनी ढोल्याच्या पाठीवर अशी थाप मारली, की त्याच्या पोटातला लाडू बाहेर यायचा! कशावरूनचा गाल ओढला, आणि तिघांना एका रांगेत उभं करून—

"खोटं!" मागच्या पायरीवरून आवाज आला. गोष्ट ऐकत बसलेल्या सगळ्यांनी वळून पाहिलं. भिंगरी उठून उभी राहिली होती. "साफ खोटं, आजोबा! ढोल्या नव्हता. कशावरूनही नव्हती. ढकलायला कुणीसुद्धा नव्हतं. ती रस्त्यात बसली की मीही तिच्याशेजारी बसत होते. मग आम्ही दोघीच उठत होतो."