कार्डावर नसलेल्या खेपा

शाळेच्या प्रिंटरने गणिताच्या बाईंची प्रश्नपत्रिका गिळली आणि ती बाहेर ओढायला मेकॅनिक आला. ओळख झाली ती अशी. चुरगळलेला कागद सरळ करत त्याने विचारलं, "मॅडम, ही रेघ मुळातच वेडीवाकडी आहे, की आमच्या मशीनची कृपा?"

बाई हसल्या. वय अवघं सत्तावीस, पण त्या हसत नाहीत असा शाळेत समज होता.

तेव्हापासून तो दर महिन्याला यायचा. रोलर पुसायचा, चार शब्द बोलायचा, आणि बाईंचा दिवस मजेत जायचा. पण तो यायचा कशासाठी? दूरच्या शाळेत बदली हवी की नको, हे बाईंना आज संध्याकाळपर्यंत कळवायचं होतं. 'नको' म्हणायला कारण एकच होतं... आणि ते चारचौघांत सांगण्यासारखं नव्हतं. शेवटी बाईंनी प्रिंटरला लटकवलेल्या देखभाल-कार्डावरच्या तारखा घेतल्या आणि आलेख काढला. तीस दिवसांनी एक उंचवटा, पुन्हा तीस दिवसांनी तसाच. म्हणजे कंपनी पाठवते म्हणून स्वारी येते! बाई अगदी हिरमुसल्या.

"हे काय काढलंय?" तो नेमका मागे उभा.

"आवर्ती आलेख," बाई कोरडेपणाने म्हणाल्या. "ठरावीक अंतराने तंतोतंत तेच ते."

"पण मधला भाग न बघता आवर्ती म्हणायचं नसतं ना?"

"हे तुम्हाला कुणी शिकवलं?"

"तुम्हीच... दुपारच्या जादा तासाला. मी बाहेर व्हरांड्यात असायचो." त्याचे कान लाल झाले होते. पेन्सिल उचलून तो उंचवट्यांच्या मधे खुणा करत गेला — आधी एक, मग दोन, गेल्या महिन्यात तर चांगल्या पाच. "या खेपांची कार्डावर सही नाही. कंपनीने पाठवलंच नव्हतं..."

बाई बघतच राहिल्या. दोन खेपांमधलं अंतर कमी कमी होत गेलं होतं. त्यांचा जीव भांड्यात पडला. स्वतःचं उत्तर चुकल्याचा इतका आनंद त्यांना जन्मात झाला नव्हता.

"मग आत का नाही आलात?"

"तुम्ही फळ्याकडून मागे वळलात की भल्याभल्यांची पाचावर धारण बसते, मॅडम."

"मी मुख्याध्यापकांना सांगून येते, बदली नको म्हणून." बाई दारात थबकल्या. "तोवर बसा इथे... व्हरांड्यात नाही हं — आत."