शेवटचं बटण कोणी दाबलं?

ही गोष्ट मी कुणाकडून ऐकलेली नाही. पटली नाही तर सोडून द्या, पण खोटी म्हणू नका.

मी तिथे होतो.

अणुवीज केंद्राच्या कंट्रोल रूममध्ये. ज्या संध्याकाळी ते केंद्र कायमचं बंद झालं, त्याच संध्याकाळी.

मी तिथला इलेक्ट्रिशियन. माझा थोरला भाऊ, दादा, शिफ्ट इनचार्ज.

दादा आणि त्याचा दोस्त लंबू एकाच दिवशी नोकरीला लागले होते. एका डब्यात जेवायचे. पण इनचार्जची जागा एकच होती आणि ती दादाला मिळाली. लंबूने दादाची पाठ थोपटली, तोंडभरून हसला. पोटातलं दुखणं मात्र लपलं नाही. दादाने पुढे काहीही केलं की तो म्हणायचा, "हे मी तुझ्याआधी केलं असतं."

केंद्र बंद व्हायच्या आदल्या वर्षी लंबू गेला. झोपेतच.

त्या संध्याकाळी साहेब लोक आले, फोटोवाला आला. अणुभट्टी बंद करायचं बटण दादाने दाबायचं ठरलं होतं. दादाने हात पुढे केला...

बटण आधीच आत गेलं.

दादाचा हात वीतभर लांब होता. मी शेजारीच उभा होतो.

दिवे बदलले. टर्बाइनची घरघर उतरत उतरत थांबली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. कुणाच्या काहीच लक्षात आलं नाही.

दादा पुटपुटला, "साल्याने शेवटी डाव साधलाच."

भट्टी बंद झाली तरी वापरलेलं इंधन वर्षानुवर्षं पाण्यात थंड ठेवावं लागतं. त्या कामाला दादाला ठेवून घेतलं. ओस पडलेल्या कंट्रोल रूममध्ये तो दिवसभर एकटाच.

दादा पाणी प्यायला उठायचा. परत येऊन बघतो तर... खुर्ची मागे सरकलेली. लांब पायांच्या माणसाला लागते तेवढी.

थंड पाण्याचा दुसरा पंप चालू करायला जावं, तर... तो चालूच.

मला वाटलं, दादा घाबरेल.

तो घाबरला नाही. तो जळायला लागला. मेलेल्या माणसावर.

वहिनी सांगायची, अर्धा चहा टाकून पळतात, म्हणतात आज त्याच्याआधी पोचायचंय. एकदा हसत म्हणाली, "सवत असती तर झिंज्या तरी उपटल्या असत्या. याच्याशी कशी भांडू?" हसता हसता तिचे डोळे भरले.

मग पंपांचं काम नव्या इमारतीत गेलं. जुन्या कंट्रोल रूमला कुलूप लागलं आणि दादा निवृत्त झाला. त्याला आणायला मी गेटवर गेलो. वॉचमनने त्याचा पास जमा करून घेतला.

तेवढ्यात केबिनमधला फोन वाजला...

वॉचमनने ऐकलं. त्याचा चेहरा उतरला. फोन जुन्या कंट्रोल रूममधून होता आणि तिथली किल्ली त्याच्याच खिशात होती.

"विचारतायत," तो दादाला म्हणाला, "इनचार्ज गेले का?"

दादाच्या कानशिलांवरच्या शिरा तटतटल्या.

काल चहा पिताना त्याने मला विचारलं. अगदी शांतपणे.

"त्याला पास लागत नाही. मेल्यावर मलाही लागणार नाही ना रे?"

वहिनीचा हात कपावरच थांबला.

मी दादाच्या घरीच मुक्कामाला आलोय. आम्ही त्याला एकटं सोडत नाही.

आत्ता हे लिहितोय तेव्हा तो समोरच बसलाय... आणि मघापासून बुटाच्या नाड्या बांधतोय.