जालिंदरची रेघ

शाल्मली म्हणजे काटेसावर. तिच्या लाकडाच्या फार तर आगपेटीच्या काड्या होतात, खुर्ची काही होत नाही. पण ज्यांनी जन्मात रंधा हातात धरला नाही, त्यांनीच फर्निचरच्या कारखान्याला 'शाल्मली' हे नाव दिलं आणि काचेच्या दारावर सोनेरी अक्षरांत लावलं. हणमंत पांचाळ त्या दारातून पहिल्यांदा आत गेला तो ही पाटी वाचून हसतच. सांगली-साताऱ्याकडच्या सुतारांत त्याच्या सांध्यांना तोड नव्हती, हे खरं. आणि ते त्याच्याइतकं दुसऱ्या कुणालाच ठाऊक नव्हतं, हेही खरं.

प्रयोगशाळेत त्याच्या दोन्ही हातांवर झिरझिरीत संवेदी मोजे चढवले होते आणि डोक्यावर तारांचा टोप बसवला होता. समोर डॉ. केतकी शेणोलीकर उभ्या होत्या. मेंदूशास्त्रात त्यांनी मोठं नाव कमावलं होतं, पण त्यांना खिळा सरळ ठोकता आला नसता, असं हणमंताचं पाहता क्षणी मत झालं.

"सोप्या भाषेत सांगते," त्या म्हणाल्या. "करवत चालवताना तुम्ही विचार करता का?"

"विचार करायला मी काय शिकाऊ आहे?"

"तेच म्हणते मी. वर्षानुवर्षं काम केलं की मेंदूत एक पायवाट पडते आणि हात त्या वाटेनं आपसूक जातो. आम्ही ती वाट टिपून घेतो आणि दुसऱ्याच्या मेंदूत उमटवतो. याला हस्तरोपण म्हणतात. थोड्याशा बैठकांत तुमचा हात त्याचा होतो."

"आणि त्याचा स्वतःचा हात?"

"पुसला जातो. हातासाठी मेंदूत जागा एकच. जुनी वाट मोडली की परत आणता येत नाही. म्हणून ज्यांच्याकडे गमावण्यासारखं कसब नाही, तेच कामगार आम्ही घेतो." त्यांनी टोपाची एक तार नीट केली. "आणखी एक. हात तुमच्या नकळत जे जे करतो, तेही सगळं त्यांच्याकडे जाईल. त्यातलं निवडून घेता येत नाही. आणि जातो तो फक्त हात. तुमचा डोळा तुमच्याकडेच राहतो."

"माझ्या हातात निवडून टाकण्यासारखं काही नाही, बाई," हणमंत म्हणाला आणि त्यानं डावीकडे पाहिलं.

डावीकडे त्याचा मेहुणा उभा होता. जालिंदर. कानावर पेन्सिल, तोंडावर कायमचं ओशाळं हसू. हणमंतानं लग्न झाल्यापासून पेन्सिल हातात धरलेली नव्हती. आखणी हलकं काम, ते बायकोच्या भावानं करावं आणि कापणं आपण, अशी त्यानं वाटणी करून टाकली होती. आता जालिंदर आखायचा तेही दिव्यच. रेघ कधी सूतभर आत, कधी सूतभर बाहेर. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, पण सुताराची अब्रू तेवढ्यातच जाते. शंका आली की गडी पेन्सिल दाबायचा, घाई झाली की त्याची रेघ थरथरायची. पहिली दोन वर्षं हणमंतानं त्याला शिव्यांनी न्हाऊ घातलं. पुढे सांधे चपखल बसायला लागले, तेव्हा आपल्या जिभेनंच हे बेणं सरळ केलं, असं तो छाती फुगवून चार लोकांत सांगू लागला.

तेव्हा कारखान्यांचे दिवस फिरले होते. यंत्रानं कापलेल्या भुशाच्या फळ्यांना आता भिकारीही विचारत नव्हता. पैसेवाल्यांना हवं होतं अस्सल लाकूड आणि माणसाच्या हाताचं काम. 'शाल्मली'त यंत्राला फळ्या भरवणारे तीनशे कामगार होते. त्यांना एकतर सुतार करायचं नाहीतर घरी पाठवायचं, असं व्यवस्थापक पराग सबनीस यांनी जाहीर करून टाकलं होतं. सबनीसांना लाकडातलं एवढंच कळायचं, की ते जळतं.

जालिंदरच्या रेघांवर कापता कापता हणमंताचा हात टिपून झाला. त्याला 'मूळहात' असा किताब मिळाला, भिंतीवर पुरुषभर उंचीचा फोटो लागला. येणाऱ्या-जाणाऱ्याला तो फोटोखाली उभा करून घ्यायचा. आखणी आता छतावरून पडणारी प्रकाशरेघ करणार होती, केसाइतकी बारीक आणि बिनचूक. मग जालिंदरचं काय? हणमंतानं त्याचं नाव पहिल्याच तुकडीत घातलं.

"दाजी, माझा जुना हात जाईल म्हणतात," जालिंदर चाचरत म्हणाला.

"जाऊ दे की! त्याला काय सोनं लागलंय? गमावण्यासारखं कसब नसलेलाच माणूस पाहिजे म्हणाल्या बाई. तुझ्यापेक्षा लायक कोण सापडणार?"

जालिंदर नेहमीसारखं हसला आणि जाऊन टोप घालून बसला.

पहिली मोठी मागणी एका विद्यापीठाच्या सभागृहाची होती. नमुन्याच्या दिवशी तीनशे जण आपापल्या मेजापाशी उभे राहिले. प्रत्येकाच्या फळीवर प्रकाशरेघ पडली. आणि करवत उचलण्याआधी तीनशे डावे हात एकदम वर आले आणि डावीकडे तोंड करून चुटकी वाजली. डावीकडे कुणीच नव्हतं. कामगार स्वतःच चपापून आपल्या हाताकडे बघत राहिले. मग करवती चालल्या. काय चालल्या म्हणता! तोच झोक, तोच ताल. हणमंताचा ऊर भरून आला.

सबनीस हौसेनं पहिल्या खुर्चीवर बसले आणि तिच्यासकट जमिनीवर आले.

दुसरी खुर्ची डुलत होती. तिसरीचा पाय हातात आला. एकही सांधा धड नव्हता. कुठे सूतभर सैल, तर कुठे खाचेत टोकच शिरेना.

"गाढवाला गुळाची चव काय!" हणमंत गरजला. "हात माझा दिलात, पण वापरणारे कोण? जन्मभर यंत्राला घास भरवणारे! सरका बाजूला."

त्यानं स्वतः करवत घेतली. प्रकाशरेघेवर कापलं, पटाशीनं साफ केलं, टोक खाचेत बसवलं आणि हलवून पाहिलं. सांधा खुळखुळ वाजला. त्यानं दुसरा केला, तोही वाजला. हणमंताच्या कपाळाला घाम फुटला. हे बाहेर गेलं तर पंचक्रोशीत तोंड दाखवायला जागा नव्हती.

"महिनाअखेर खुर्च्या गेल्या नाहीत तर मागणी रद्द," सबनीस पँट झटकत म्हणाले. "मग हे तीनशे घरी. आणि तो फोटोही खाली."

डॉ. केतकींचं लक्ष मात्र दुसरीकडे होतं. "ती चुटकी कुणासाठी वाजवली सगळ्यांनी?"

हणमंत खुळखुळता सांधा पुन्हा ठोकू लागला. मागून जालिंदर म्हणाला, "माझ्यासाठी, मॅडम. आखायला बोलवायचं असलं की दाजी तशीच वाजवतात."

डॉक्टरीणबाई टिपणाची सगळी चित्रं पुन्हा बघून दुपारी परतल्या.

"जालिंदररावांची एकही रेघ बरोबर नव्हती. अगदी टिपण घेतलं त्या दिवसापर्यंत."

"काहीतरीच! मी सरळ केला त्याला."

"तुमच्या शिव्यांनी ते सुधारले नाहीत, हणमंतराव. सुधारला तुमचा हात. रेघ जाड झाली की तुम्ही बाहेरून कापता, थरथरली की आतून. तुम्हाला पत्ता नाही, पण तुमचा हात त्यांची चूक वाचतो. इतकी वर्षं त्यानं दुसरं काही वाचलेलंच नाही. बिनचूक रेघ समोर आली, तरी तो तिच्यात चूक शोधतो. आणि आता असे तीनशे हात आपण तयार केलेत."

म्हणतात ना, हात दाखवून अवलक्षण! हणमंताला वाटलं, मोजे घातले त्या दिवशीच बोटं मोडली असती तर बरं झालं असतं.

"मग सोपं आहे," सबनीस म्हणाले. "ह्या जालिंदरलाच आखायला लावा."

अख्ख्या जिल्ह्यातला सर्वांत वाईट आखणारा, आणि कारखाना हात जोडून त्याच्यापुढे उभा! जालिंदरनं पेन्सिल घेतली. ती बोटांत ठरेना. रेघ अशी गेली की पहिलीतल्या पोरानं लाजावं. फळी कापली, तर सांधा बसायचं नावच नाही.

"कसा बसेल?" डॉ. केतकी हळूच म्हणाल्या. "यांच्याकडे आता हणमंतरावांचा हात आहे, आणि त्या हाताला पेन्सिल माहीतच नाही. जुनी वाट आपणच मोडली."

सबनीसांनी स्वतः रेघ ओढून पाहिली, मग शिपायाकडून ओढवली. कामगारांच्या हातांना त्या वाचता आल्या नाहीत. वाईट रेघ कुणीही काढेल, पण जालिंदरसारखी वाईट कोण काढणार? सबनीसांनी फोटो उतरवायला माणूस पाठवला.

"मॅडम," जालिंदर म्हणाला, "दाजींना येते की माझी रेघ."

"मला?" हणमंत खेकसला. "मी पेन्सिलला शिवत नाही!"

"नक्कल करता की माझी. लग्नाकार्यात, टपरीवर. चहात बोट बुडवून मेजावर काढून दाखवता. इथं जालिंद्या दाबतो, इथं त्याची फाटते, म्हणून. माणसं पोट धरून हसतात." तो जराही रागावलेला नव्हता. "चांगली करता, दाजी. माझी चूक मला कधी दिसली नाही. तुम्ही रोज बघत होता."

सगळे हणमंताकडे बघायला लागले. त्याला धरणी दुभंगेल तर बरं असं वाटत होतं, पण कारखान्याची फरशी होती, ती कशाची दुभंगते? तीनशे माणसं नोकरीसाठी तोंडाकडे बघत होती. त्यानं दात-ओठ खाऊन पेन्सिल उचलली. इथं दाबली, तिथं थरथरवली, शेवटी सूतभर बाहेर नेली. शरमेनं त्याचे कान तापले होते.

जालिंदरनं करवत घेतली. झोक बघण्यासारखा होता. टोक खाचेत गेलं आणि असं बसलं की सबनीसांनी लाथ घातली तरी हललं नाही. हॉलमध्ये टाळ्यांचा कडकडाट झाला.

"बास!" सबनीस नाचायचेच बाकी होते. "हणमंतराव, आजपासून आखणी तुमच्याकडे. सगळ्या मेजांची."

"मी मूळहात आहे! आखणी मी करायची? ह्या लोकांसाठी?"

"तुमचा हात या सगळ्यांकडे आहे. तो आम्हाला आता तुमच्याकडून नको."

"मग निदान ही नक्कल टिपून घ्या, बाई," हणमंत काकुळतीला आला. "दुसऱ्या कुणाला द्या."

"ती तुमच्या हातात नाही, हणमंतराव. डोळ्यात आहे. डोळा काही टिपता येत नाही."

जालिंदरनं पुढची फळी मेजावर ठेवली. मागे रांग लागली होती. त्यानं आपल्या दाजींकडे पाहिलं, नेहमीसारखाच, पण या खेपेला त्याला हसायला वेळ नव्हता.

"दाजी, आटपा, लोक खोळंबलेत. आणि जरा वाईट काढा. मघाची फार सरळ आली होती."