लोण्याच्या खोलीतली रात्र

दार लोटून घे, सूरज. वारं आत येतंय. आता गप बसून ऐका, मधी कुणी हसायचं न्हाय. ही मानसिंगची गोष्ट हाय, माझ्या धाकट्या मेव्हण्याच्या पोराची. त्यानं माझ्यासमोर बसून सांगितली, तवा त्याचा हात मी हातात धरला हुता. गार पडला हुता. अठ्ठ्याण्णव साल. कार्तिकातली अवस, बुधवारची रात.

मानसिंग पुण्यात कॉम्प्युटर शिकून आला आन् भिगवणच्या अलीकडं एका दूध डेअरीत लागला. दुधाची नोंद ठेवायला त्यानंच तितं लिनक्सवर चालणारं सॉफ्टवेअर बसवलं. पण रोज सांजच्याला मशीन अडायचं. बाया किटल्या घेऊन ताटकळायच्या, दूध नासायला लागायचं. सायेब म्हणाला, "उद्यापतुर कारण सांग. न्हायतर तुझं मशीन उचल आन् तूबी घरी जा."

म्हणून त्या राती जेवून गडी परत डेअरीत गेला. गर्दी नसताना डिस्क काय करती, ते बगायचं. एवढंच काम.

कॉम्प्युटरची खोली म्हंजे आदीची लोण्याची खोली. गारव्याचं यंत्र कधीच काढून नेलेलं, पण खोली तशीच ठेवलेली. खिडकी न्हाय, भिंती जाड, दार वीतभर जाडीचं. आतनं उघडायला मूठसुदीक न्हाय, कडी भायेरनं. मानसिंग दारात वीट लावून बसायचा.

त्यानं कॉम्प्युटरला सांगितलं, सारखी एकेक ओळ दाखवत ऱ्हा. डिस्कवरनं किती वाचलं, डिस्कवर किती लिवलं. शून्य, शून्य. ओळी वर सरकत हुत्या. सगळं निवांत.

मग लिवायच्या रकान्यात आकडा उमटला. लागोपाठ तीन ओळींत. मग शून्य. परत तीन. परत शून्य. डिस्क कुरकुरायची, थांबायची.

मशीनवर आणखी कोण हाय का बगितलं. कोण न्हाय, एकटा त्योच. सॉफ्टवेअर बंद केलं. तरी तीन. दुसऱ्या मशीनांना जोडणारी वायर उपसून काढली. तरी तीन.

काय म्हणालीस, स्वराली? व्हायरस? व्हय, त्यालाबी तसंच वाटलं, बाळ.

तेवढ्यात मागं धाडकन आवाज झाला. दार लागलं हुतं. वीट खोलीच्या मधोमध पडलेली.

मानसिंग धावला. ढकललं. हलंना. "तात्या! ओ हिंदुराव तात्या!" हिंदुराव म्हंजे राखणदार. त्यो लांब, फाटकापाशी. भिंतींनी हाक गिळली. मानसिंगनं दारावर थापा मारल्या. धप, धप, धप.

वळून बगतो तर पडद्यावर तीन.

त्यानं दोन मारल्या. पडद्यावर दोन.

एक मारली. एक.

हात तिथंच ऱ्हायला… आन् पडद्यावर आपलं आपण सुरू झालं. तीन. तीन. तीन.

"कोण हाय?"

…

"कुठं हायस?"

…

तोंडातनं वाफ निघाली. भायेर एवढी थंडी न्हवती. ही भुईतनं चढत हुती. पाय बधिर. बोटं वळंनात. आन् मग त्याच्या ध्यानात आलं. कुणीतरी दार वाजवतंय. हेच दार. आतनंच.

थापा उतरायला लागल्या. तिनाच्या दोन झाल्या. दोनाची एक. मधलं अंतर वाढलं.

पोरांनो, तितं मानसिंग भ्यायचंच विसरला. दाराला कपाळ लावून दोन्ही हातांनी बडवायला लागला. "थांबू नगंस! मी हाय हितं! मार… मार अजून!"

एक.

शून्य. शून्य.

"मार की रं!"

एक…

शून्य.

शून्य.

…

मग काय न्हाय. नुसती शून्यं. मानसिंग मशीनच्या पाठीला अंग लावून बसला. पंख्यातनं येईल तेवढी ऊब. नजर पडद्यावर. मधनंच एखादी थाप मारायचा, उत्तराची वाट बगायचा. असं उजाडंपतुर.

दार उघडलं तवा ऊन वर आलं हुतं. गडी गुडघ्यांवर रांगत भायेर पडला. त्या मशीनजवळ परत गेला न्हाय, सायबाला कारण सांगितलं न्हाय. आता बारामतीत असतो, बरं चाललंय त्याचं. बायको सांगती, झोपताना घराचं एक दार उघडं लागतं त्याला.

पण त्या सकाळी रडत रडत त्यो म्हणाला, "तात्या, किती हाका मारल्या तुमाला."

हिंदुराव घामानं भिजला हुता. हातात लोखंड कापायची करवत.

"पोरा," म्हणाला, "कुलूप कुणी लावलं?"

"कसलं कुलूप?"

त्या दाराला कुलूप कधी नसायचंच. नुसती कडी. हिंदुरावनं बोट खाली केलं. पायाशी पडलं हुतं, कापलेलं. थोरल्या मुठीएवढं, जुन्या घडणीचं.

रातीच आत गेलेला ना मानसिंग, त्याच दारानं…

कुलपाचं भोक गंजानं गच्च भरलं हुतं. खपल्या धरल्या हुत्या.