कापलेल्या कोपऱ्यात कोण होतं?

"तिनंच कापलंय. दुसरं कोण कापणार?" अनुराधा कीर्तने दत्तप्रसादला म्हणाल्या. "त्यांच्यात चित्रं चालत नाहीत, तुम्हाला माहीतच आहे. हे चित्रसुद्धा ती चादरीनं झाकून ठेवायची. त्यातून येशू म्हणजे त्यांचाही पैगंबर. कधी त्यांच्या डोक्यात काय शिरेल, सांगता येतं का?"

दत्तप्रसाद नुसताच खाकरला.

"तुमच्या या असिस्टंटना चहा चालेल ना?"

"चालेल की," शेजारी उभी असलेली बाई म्हणाली. "साखर कमी. मी लायबा परकार. तपास मी करते. हे दत्तप्रसाद गाडी चालवतात आणि मला सोबत करतात."

अनुराधाबाई गडबडल्या. "अहो, मला तसं म्हणायचं नव्हतं…"

"तसंच म्हणायचं होतं. पण ते राहू द्या. चित्र कुठे आहे?"

लायबा मूळची रत्नागिरीची. इन्शुरन्स कंपनीत खोटे क्लेम पकडण्यात तिनं बरीच वर्षं घालवली, मग खासगी चौकशीची कामं घ्यायला लागली. दत्तप्रसाद तिचा तेव्हापासूनचा सहकारी. माणूस भला, पण गोष्ट त्याच्या लक्षात येईपर्यंत चहा थंड होतो.

दुबईच्या जबल अली या औद्योगिक भागातल्या त्या शेडमध्ये कीर्तन्यांच्या मुलीचा, शुभ्राचा, स्टुडिओ होता. राहायला सगळे दुबई मरीनाला. प्रसिद्ध चित्रांच्या हुबेहूब नकला शुभ्रा करायची आणि कॅनव्हास ताणण्यापासून फ्रेम बसवण्यापर्यंतचं काम फिरदोस बघायची. फिरदोस हर्णैची, पंचेचाळिशीची, इथे पहिल्यापासून होती.

पश्चिमेच्या भिंतीला टेकून एका भल्यामोठ्या इझलवर ते चित्र उभं होतं. चित्रकार इटलीचा, काराव्हाज्जो, चारशे वर्षांपूर्वीचा. विषय सेंट पॉलचं धर्मांतर. अर्धंअधिक चित्र एका घोड्यानंच व्यापलं होतं. त्याचा लगाम धरून एक म्हातारा मोतद्दार खाली मान घालून उभा होता. घोड्याच्या पायाशी एक तरुण उताणा पडला होता, डोळे मिटलेले, दोन्ही हात वर पसरलेले, कुणाला तरी मिठीत घ्यावं तसे. आणि वरचा उजवा कोपरा कुणीतरी कटरनं सरळ कापून नेला होता. भोकातून मागची भिंत दिसत होती.

"उद्या पॉलच्या धर्मांतराचा सण आहे," अनुराधाबाई म्हणाल्या. "इथल्या चर्चच्या कमिटीनं शुभ्राला दिलेली ही पहिली मोठी ऑर्डर. कमिटीच्या डिमेलोबाई, वसईच्या, मला फोनवर म्हणाल्या होत्या, येशू आकाशातून हात पुढे करतोय ते आमच्या मुलांना दिसलं पाहिजे. नेमका तोच कापला हो! मी महिनाभर पुण्याला होते, आज सकाळी विमानतळावरून थेट इथे आले, तर हे दर्शन."

"पूर्ण झालेलं चित्र तुम्ही पाहिलंच नव्हतं?"

"नाही ना. शुभ्रा म्हणाली होती, सरप्राइज आहे."

"शेड काल कुणी बंद केली?"

"फिरदोसनं. आज सकाळी उघडलीही तिनंच. किल्ल्या तिच्याकडे, शुभ्राकडे आणि यांच्याकडे. संध्याकाळी मी पोलिसात जाणार आहे. दुसऱ्याच्या धर्माची विटंबना म्हणजे इथे थेट जेल. तुम्ही फक्त एकदा नीट बघून सांगा, म्हणजे आमच्याकडून चूक नको."

"अगं, पोलीस कशाला?" मागून आवाज आला. अनुराधाबाईंचे यजमान गुणवंत कीर्तने ट्रेमध्ये चहा घेऊन आले होते. मृदू बोलणारा, सगळ्यांना आधी खुर्ची देणारा माणूस. "व्हिसा कॅन्सल करू, तिकीट काढून देऊ, गुपचूप घरी जाऊ दे. उगाच तिच्या आयुष्याचं वाटोळं कशाला करायचं?"

"बघा, हे असे!" अनुराधाबाई म्हणाल्या. "सगळ्यांना सांभाळून घ्यायचं."

चहा दाराजवळच्या टेबलावर झाला. गुणवंतराव चित्राकडे पाठ करून बसले. दत्तप्रसादनं विचारलं, "साहेब, मला यातलं काही कळत नाही. चित्राची गोष्ट काय आहे?"

गुणवंतराव खुलले. "अहो, मी रोमला जाऊन आलोय ना! हा सॉल नावाचा माणूस, ख्रिश्चनांचा छळ करायचा. दमास्कसच्या वाटेवर आकाशातून उजेड आला, हा घोड्यावरून खाली. येशू विचारतो, का छळतोस मला? याची दृष्टीच जाते. काय ती शरम! दोन्ही हातांनी डोळे घट्ट झाकून घेतलेत त्यानं. आणि वर येशू, एका देवदूतानं सावरून धरलेला. उठतो तो सेंट पॉल होऊन."

"वा!" दत्तप्रसाद म्हणाला. "ऑर्डर कुणी घेतली होती?"

"मीच. डिमेलोबाई चर्चच्या आवारात भेटल्या होत्या. शुभ्राला येऊन सांगितलं, काराव्हाज्जोचं ते घोडेवालं सेंट पॉल कर."

लायबानं चहा संपवला आणि शुभ्राला गाठलं. शुभ्रा रंगांच्या टेबलामागे बसून सुकलेला ब्रश पुसत होती. चोवीस-पंचवीसची पोर, डोळे सुजलेले.

"फिरदोसआपांवर तुझा संशय आहे?"

"आय डोन्ट नो."

"वरच्या कोपऱ्यात तू काय रंगवलं होतंस?"

शुभ्रानं वर पाहिलं, लायबाकडे नाही, दाराकडे.

"येशू, दुसरं काय!" गुणवंतराव तिकडून म्हणाले. "तिला आता त्रास नका देऊ हो. तीन महिने खपली पोर."

शुभ्रा पुन्हा ब्रश पुसायला लागली. तिच्याशी चार शब्द बोलून दत्तप्रसादनं तिचं सांत्वन केलं.

फिरदोस मागच्या दारापाशी खोक्यावर बसली होती. पर्स मांडीवर, बांधाबांध झालेली.

"सलाम, आपा."

"वालेकुम सलाम. आपल्यातलीच पाठवली काय मला पकडायला? बरं केलं. निदान चहा तरी विचारशील."

"आणते. आधी सांगा, ते चित्र तुम्हाला आवडायचं नाही?"

"घोडा आवडायचा. केवढा काढलाय पोरीनं! माणसांकडे मी बघत नाय बसले कधी."

"मॅडम म्हणतात, तुम्ही ते झाकून ठेवायचात."

"नमाजेपुरतं. मक्केकडची, किब्ल्याची भिंत तीच, आणि ते इझल काय माझ्याच्यानं हलत नाय. समोर चेहरे नकोत म्हणून चादर लावायची, पढून झालं की काढायची. क्लिपा शुभ्रानंच दिल्यात. ती कधी काय बोलली नाय, मी पण नाय."

"एवढ्या मोठ्या चित्राला चादर पुरते?"

"घोड्याच्या पाठीपासून खाली सगळं झाकतं. त्याच्या वर माझा हात पोचत नाय, आणि तशी गरज पण नाय."

"काल लावली होती?"

"तिसऱ्या प्रहरी, असरच्या नमाजेला. रोज लावते." फिरदोसचा आवाज पहिल्यांदाच हलला. "पोरी, गावाला गेले तर जाईन. उपाशी नाय मरणार. पण देवाचं चित्र फाडून आली असं लोक म्हणतील, ते कसं ऐकू? माझी आई अजून आहे."

दत्तप्रसाद बाजूला गाडीच्या किल्लीशी चाळा करत उभा होता. लायबानं आपाला चहा आणून दिला, मग दारात जाऊन बराच वेळ मोबाइलमध्ये डोकं घालून उभी राहिली. व्हॉट्सॲप बघत असेल, असं दत्तप्रसादला वाटलं.

"यल्ला, चल," ती शेवटी म्हणाली. "सगळ्यांना चित्रासमोर बोलव."

सगळे जमले. फिरदोस जरा लांब उभी राहिली.

"आपा, काल लावली होती तशीच चादर लावा."

फिरदोसनं चादर आणली, टाचा उंचावल्या आणि दोन्ही बाजूंना क्लिपा लावल्या. लाकडावर क्लिपांचे जुने वळ होते, त्या बरोबर तिथेच बसल्या. घोडा, मोतद्दार, पडलेला तरुण, सगळे चादरीआड गेले. वर नुसती काळी पट्टी उरली आणि तिच्या उजव्या टोकाला कापलेलं भोक.

"कापलेली जागा चादरीच्या वर आहे," लायबा म्हणाली. "सगळ्यांना दिसतंय ना? आता मला सांगा, ज्या बाईला नमाज पढताना समोर एका मोतद्दाराचं तोंडसुद्धा चालत नाही, ती पैगंबराला वर उघडं ठेवून खाली डोकं टेकवून सजदा करेल? एकदा नाही, रोज?"

लायबानं भिंतीजवळच्या स्टुलाकडे बोट दाखवलं.

"वर पोचायचं असतं तर हे स्टूल इथेच आहे. पण आपा म्हणाल्या, तशी गरज पण नाही. गरज नव्हती, कारण तिथे कुणी नव्हतंच. काळा रंग होता."

"असं कसं?" अनुराधाबाई म्हणाल्या. "डिमेलोबाई स्वतः म्हणाल्या होत्या, येशू…"

"त्या खरंच म्हणाल्या. त्यांना हवं होतं ते हे." लायबानं मोबाइल पुढे केला. "काराव्हाज्जोनं हाच प्रसंग दोनदा रंगवला. पहिल्यात वर उजवीकडे येशू आहे, देवदूतानं धरलेला, आणि खाली पडलेला सॉल दोन्ही हातांनी तोंड झाकतोय. दुसऱ्यात येशू नाहीच. फक्त घोडा, मोतद्दार आणि हात पसरून पडलेला सॉल. कमिटीला हवं होतं पहिलं. शुभ्रानं केलं दुसरं, कारण तिला घोडेवालं कर असं सांगितलं गेलं. एक संत, एक चित्रकार, म्हणजे चित्रही एकच, असं सांगणाऱ्याला वाटलं."

दत्तप्रसादच्या लक्षात यायला लागलं होतं. "म्हणजे चूक लपवायला कोपरा कापला? येशू होता, कुणीतरी नेला, असं वाटावं म्हणून?"

"बरोब्बर."

"मग शुभ्रानंच…" अनुराधाबाईंनी मुलीकडे पाहिलं.

"शुभ्रा चित्रकार आहे. दोन चित्रांतले हातसुद्धा जुळत नाहीत, हे तिला झोपेतही कळेल. कोपरा कापला की एकाचं दुसरं होईल, असं चित्र न कळणाऱ्यालाच वाटणार." लायबा वळली. "गुणवंतराव, चहा पिताना तुम्ही चित्राकडे पाठ करून बसला होतात. म्हणालात, दोन्ही हातांनी डोळे घट्ट झाकून घेतलेत. आपा, चादर काढा जरा."

चादर उतरली. तरुण हात पसरून पडला होता.

"तुम्ही हे चित्र सांगतच नव्हतात. डिमेलोबाईंनी तुम्हाला पहिल्या चित्राचा फोटो पाठवला असणार, ते पाठ करून सांगत होतात. शुभ्राला विचारलं तेव्हा उत्तर तुम्ही दिलंत. आणि पोलीस तुम्हाला नको होते."

गुणवंतरावांचा चेहरा एकदम म्हातारा दिसायला लागला.

"तुकडा टाकला नसेल तुम्ही," लायबा जरा हळू म्हणाली. "मुलीच्या हातचं काम आहे."

ते गाडीकडे गेले आणि वर्तमानपत्रात गुंडाळलेली एक सुरळी घेऊन आले. टेबलावर उलगडली. नुसता काळा रंग होता. सगळेजण त्या काळ्या तुकड्याकडे बघत राहिले.

"काल फोटो आला," गुणवंतराव म्हणाले. "लोकांना सांगत सुटलोय, मी रोमला जाऊन आलो, मला चित्रांतलं कळतं. अनुराधा जाताना बजावून गेली होती, ऑर्डर नीट विचारून घ्या. तिला काय तोंड दाखवू? पण फिरदोसचं नाव मी घेतलं नाही हो. देवाशपथ नाही. मी फक्त… नाही म्हटलं नाही."

"नाव घ्यायची गरजच नव्हती," लायबा म्हणाली. "चित्र बिघडवायला पाणी सांडलं असतं तरी चाललं असतं. तुम्ही नेमका येशू कापला गेला असं दिसेल ते केलंत. पुढचं लोक आपणच बोलणार, हे तुम्हाला ठाऊक होतं."

गुणवंतरावांनी दोन्ही हातांनी डोळे झाकून घेतले.

शुभ्रा रडायला लागली. "मी बाबांना काल म्हटलं होतं, सांगून टाकू. सकाळी बघितलं आणि मला लगेच कळलं. आय न्यू. तरी फिरदोसआंटीचं नाव आलं तेव्हा मी गप्प बसले. आय ॲम सो अशेम्ड."

अनुराधाबाई खुर्चीवर बसल्या, परत उठल्या. फिरदोसकडे जायला निघाल्या आणि अर्ध्यात थांबल्या. "फिरदोस, मला… असरची वेळ झाली असेल ना? थांब, मी लावते चादर." त्यांनी घाईघाईनं चादर उचलली. क्लिपा त्यांच्या हातून दोनदा खाली पडल्या.

"राहू दे, मॅडम," फिरदोस म्हणाली. तिनं चादर त्यांच्या हातातून काढून घेतली, नीट घडी केली आणि पर्सबरोबर काखेत धरली. "आज मी घरी जाऊन पढते. सकाळपासून इतके प्रश्न झाले, पण वर काय होतं, ते मला कुणी विचारलंच नाय. मी सांगितलं असतं."

मग ती शुभ्राजवळ थांबली. "डिमेलोबाईंना फोन कर. तूच कर, दुसऱ्याला देऊ नको." आणि दार लोटून बाहेर गेली.

कुणी कुणाकडे बघत नव्हतं.

परतताना गाडीबाहेर जबल अलीच्या कामगारांच्या बसेस एकामागून एक जात होत्या.

"ती परत कामावर येईल का गं?" दत्तप्रसादनं विचारलं.

"माहीत नाही. मी तरी आले नसते."

"लायबा, खरं सांगू? मलाही आधी तेच वाटलं होतं. तिनंच कापलं असणार म्हणून."

"माहीत आहे."

"तुला कसं माहीत? मी तर काही बोललोच नाही."

"म्हणूनच," लायबा खिडकीबाहेर बघत म्हणाली. "सगळ्यांशी बोललास तू, दत्ता. तिला एकही प्रश्न विचारला नाहीस."

दत्तप्रसादनं हात लांबवून ए.सी. उगाचच कमी केला.